अडवलेली ठेव आणि न्यायालयाची पायरी

अण्णा गेले तेव्हा त्यांच्या नोकरीची दोन वर्षे उरली होती. ते जिल्हा परिषदेच्या शाळेत प्राथमिक शिक्षक होते आणि त्यांच्या पगारातून दर महिन्याला शिक्षकांच्या पतसंस्थेची कपात व्हायची. तेराव्यानंतर आई आणि मी संस्थेत गेलो. सचिव ओळखीचे. त्यांनी उठून आईला खुर्ची दिली, चहा मागवला, पासबुक चाळले आणि म्हणाले, "वहिनी, पैसे कुठे जात नाहीत. पण गुरुजी एका कर्जाला जामीन होते. ते खाते मिटले की लगेच चेक काढतो." आईने मान हलवली. त्या बोलण्यात काही वावगे आहे असे तिला वाटले नाही. मी तेव्हा वकिलीच्या दुसऱ्या वर्षाला शिकत होतो, आणि मलाही वाटले नाही.

ते खाते मिटायला तीन वर्षे लागणार होती. या पुस्तकाचे बी त्या दुपारी पडले, असे आज मागे वळून पाहताना म्हणता येते. पुढे वकिलीत ठेवीदार आले, निवृत्त कारकून आले, सभासदांचे वारस आले, संस्थांचे स्वतःचे कर्मचारीही आले. प्रत्येकाच्या हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत पावत्या, आणि तोंडी सचिवांचे एखादे आश्वासन. न्यायालयाने अशा प्रकरणांत काय पाहिले, काय पाहिले नाही आणि काय पाहायला नकार दिला, हे पुढच्या प्रकरणांत सविस्तर आले आहे. इथे वाचकाला वाटेची ओळख करून द्यायची आहे.

पहिली गोष्ट अण्णांच्या पासबुकानेच मला शिकवली. सामान्य सभासद 'माझे संस्थेत इतके पैसे आहेत' असे म्हणतो. कायद्याच्या दृष्टीने ते पैसे एका जातीचे नसतात. शेअर म्हणजे भागभांडवल. ते ठेव नव्हे, संस्थेतली मालकी आहे. ते परत मिळण्यावर कायद्याने आणि उपविधींनी बंधने घातली आहेत, कारण सगळ्यांनी एकदम शेअर काढले तर संस्थाच उरणार नाही. मासिक कपातीतून जमणारी कायम वर्गणी सभासदत्वाशी बांधलेली असते. सभासदत्व संपले की तिचा हिशेब व्हायचा. मुदत ठेव हे तर सरळ कर्ज आहे, फक्त इथे कर्जदार संस्था आहे आणि सावकार सभासद. मुदत संपली की संस्थेने पैसे दिलेच पाहिजेत. आणि चौथी रक्कम पासबुकात नसतेच. सभासद सेवेत असताना वारला तर कल्याण निधीतून मिळणारे मृत्यू साहाय्य ही ती रक्कम. ती कोणाला, किती, कोणत्या अटीवर, हे उपविधी आणि सर्वसाधारण सभेने मंजूर केलेले नियम ठरवतात.

या चारही रकमा संस्था एकाच वाक्याने अडवते. आणि सभासद चारही रकमांसाठी एकच अर्ज करतो. न्यायालयात उभे राहिल्यावर मात्र प्रत्येक रकमेचे उत्तर वेगळे निघते. मी पाहिलेल्या प्रकरणांत फेटाळले गेलेले कितीतरी दावे खोटे नव्हते, ते सरमिसळ केलेले होते. शेअरची रक्कम आणि मुदत ठेव एकाच परिच्छेदात मागितली की संस्थेचा वकील शेअरवरची बंधने पुढे करतो आणि ठेवीचा प्रश्न त्याच्या आड जातो.

आता त्या जामिनाकडे येऊ, कारण पगारदार संस्थांतले निम्मे रडगाणे तिथेच असते. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ४६ ने संस्थेला एक मोठा हक्क दिला आहे. सभासदाकडून संस्थेला येणे असेल तर त्याच्या शेअरवर, ठेवीवर, लाभांशावर संस्थेचा बोजा राहतो आणि त्या रकमेतून येणे वळते करून घेता येते. सभासद वारला तरी हा हक्क मरत नाही. संस्था जगायची तर असा हक्क हवाच. सहकारी पतपुरवठ्यात तारण म्हणजे बहुतेक वेळा माणसाची पत आणि दोन जामीनदारांच्या सह्या एवढेच असते. जामीनदाराची जबाबदारीही करार कायद्याच्या कलम १२८ नुसार कर्जदाराइतकीच असते. म्हणून 'कर्ज त्याने काढले, माझी ठेव का अडवता' हा युक्तिवाद एकटा फार टिकत नाही.

पण कलम ४६ मधला कळीचा शब्द 'येणे' हा आहे. येणे म्हणजे आज देय झालेली रक्कम. उद्या कदाचित थकेल अशी भीती म्हणजे येणे नव्हे. त्यामुळे न्यायालयासमोरचे खरे प्रश्न वेगळे असतात. मूळ कर्जदाराचे हप्ते थकले आहेत का? थकले असतील तर किती? जामीनदाराला लेखी मागणी गेली का? वळती केलेली रक्कम थकबाकीएवढीच आहे, की दोन लाखांच्या थकबाकीसाठी सहा लाखांची ठेव दाबून धरली आहे? आणि सर्वांत आधी, संस्थेने हे कारण कधी कागदावर दिले होते का? अण्णा ज्या कर्जाला जामीन होते त्याचा एकही हप्ता थकलेला नव्हता. कर्जदार दुसऱ्या तालुक्यात नोकरीला होता, त्याच्या पगारातून दर महिन्याला नियमित कपात चालू होती. हे आम्हाला कळले दीड वर्षाने, आणि तेही त्या कर्जदारानेच घरी येऊन सांगितले म्हणून.

न्यायालय म्हणजे नेमके कोणते, हा पुढचा गोंधळ. १९०४ च्या पहिल्या सहकारी पतसंस्था कायद्यापासून एक विचार चालत आला आहे की, सभासद आणि संस्था यांचे भांडण घरातले आहे. ते दिवाणी न्यायालयात न नेता सहकाराच्या चौकटीतच मिटवावे. विचार चांगला होता. कर्जबाजारी शेतकऱ्याला वकील आणि स्टॅम्प यांच्या खर्चातून वाचवायचे होते. त्याच परंपरेतून आपल्या कायद्याचे कलम ९१ आले. संस्थेची घटना, निवडणूक, सभा, व्यवस्थापन किंवा व्यवसाय यांच्याशी निगडित वाद सहकार न्यायालयात जातो. दिवाणी न्यायालयाची दारे कलम १६३ ने बंद केली आहेत. 'व्यवसाय' या शब्दाची व्याप्ती सर्वोच्च न्यायालयाने १९६९ च्या डेक्कन मर्चंट्स को-ऑपरेटिव्ह बँकेच्या खटल्यात तपासली. बँकेच्या मालकीच्या इमारतीतल्या भाडेकरूशी चाललेले भांडण हा बँकेचा व्यवसाय नव्हे, असे तिथे ठरले. पतसंस्थेने ठेव घेणे आणि परत करणे हा मात्र तिचा गाभ्याचा व्यवसाय आहे. त्यामुळे सभासदाच्या ठेवीचा दावा कलम ९१ मध्ये बसतो याबद्दल फारसा वाद उरत नाही.

तरीही लोक थेट उच्च न्यायालयात धावतात. 'रिट टाकू' हे वाक्य प्रत्येक ठेवीदार संघर्ष समितीच्या पहिल्या बैठकीत कोणीतरी म्हणतेच. तिथे दोन गोष्टी समजून घ्याव्या लागतात. सहकारी संस्था ही सर्वसाधारणपणे राज्यघटनेच्या अनुच्छेद १२ मधले 'राज्य' नाही. शामराव विठ्ठल बँकेच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने आणि पुढे २००६ मध्ये एस. एस. राणा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हाच विचार मांडला. तेव्हा 'संस्थेने माझी ठेव द्यावी' एवढीच मागणी घेऊन रिट केली तर ती बहुधा दारातूनच परत येते. निबंधक मात्र सरकारी अधिकारी आहे. कायद्याने त्याच्यावर टाकलेले काम तो करत नसेल, तक्रार अर्ज वर्षभर टेबलावर पडून असेल, कलम ८३ ची चौकशी सुरूच होत नसेल, तर त्याला हलवण्याचा अधिकार उच्च न्यायालयाला आहे. 'इतक्या आठवड्यांत निर्णय द्या' असा आदेश मिळतो. तो पैसे देण्याचा आदेश नसतो. पेढे वाटणाऱ्या ठेवीदारांना हा फरक समजावून सांगणे मला फार जड गेले आहे.

उच्च न्यायालय सहकार न्यायालयाचा किंवा अपील न्यायालयाचा निर्णय अनुच्छेद २२७ खाली तपासते, तेव्हाही ते नव्याने खटला चालवत नाही. खालच्या न्यायालयाने अधिकाराबाहेर जाऊन काही केले का, दुसऱ्या बाजूला ऐकून घेतले का, पुराव्यात नसलेली गोष्ट गृहीत धरली का, एवढेच पाहिले जाते. म्हणून पावती, लेखी मागणी, संस्थेचे उत्तर, उपविधींची प्रत हे सगळे पहिल्या पायरीवरच दाखल झालेले असले पाहिजे. वरच्या मजल्यावर गेल्यावर नवा कागद आत घेत नाहीत.

ग्राहक आयोगाची वाट मोकळी झाली ती तामिळनाडूतल्या एका प्रकरणामुळे. तिथल्या तिरुमुरुगन कृषी पतसंस्थेच्या सभासदांनी कर्जासाठी भाताची पोती तारण ठेवली होती आणि ती सोडण्यावरून वाद झाला. सहकार कायद्यात स्वतंत्र व्यवस्था असताना ग्राहक मंचाकडे कसे जाता, असा संस्थेचा प्रश्न होता. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की ग्राहक कायद्याचा उपाय इतर उपायांच्या जोडीला आहे, सहकार कायद्याने तो काढून घेतलेला नाही. या निकालाच्या आधारे महाराष्ट्रातल्या पतसंस्थांचे असंख्य ठेवीदार जिल्हा आयोगांत गेले. आज ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ नुसार तक्रारीला दोन वर्षांची मुदत आहे, आणि आदेश न पाळणाऱ्याला कलम ७२ खाली तीन वर्षांपर्यंत तुरुंगवास होऊ शकतो. ठेवीदाराला ही वाट जवळची वाटते यात नवल नाही.

पण याही वाटेवर एक खड्डा आहे. संस्थेची तिजोरी रिकामी असेल तर आदेश कोणावर बजावायचा? संचालकांवर? मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने २०१० मध्ये स्पष्ट केले की संस्था ही स्वतंत्र कायदेशीर व्यक्ती आहे. कलम ८८ खाली चौकशी होऊन नुकसानीची जबाबदारी ठरल्याशिवाय ग्राहक मंचाला संचालकांना सरसकट वैयक्तिक जबाबदार धरता येणार नाही. कायद्याच्या तर्काने ते बरोबर आहे. संचालक मंडळावर बसलेला प्रत्येक शिक्षक किंवा दुकानदार चोर नसतो. पण प्रत्येक संचालक पदावर येताना निर्णयांच्या सामूहिक आणि वैयक्तिक जबाबदारीचे एम-२० बंधपत्र लिहून देतो, आणि ते बंधपत्र प्रत्यक्षात कपाटात पडून राहते, हेही खरे आहे. कलम ८८ ची चौकशी वेळेवर झाली असती तर त्या कागदाला किंमत आली असती.

पैसे अडवणे वेगळे आणि पैसे नसणे वेगळे. दुसऱ्या परिस्थितीत कायद्याचा सूरच बदलतो. महाराष्ट्र ठेवीदारांच्या हितसंबंधांचे संरक्षण अधिनियम, १९९९, ज्याला सगळे एमपीआयडी म्हणतात, तो याचसाठी आला. फसवणुकीने ठेव बुडवणाऱ्याची मालमत्ता सरकार अधिसूचनेने जप्त करते आणि नियुक्त न्यायालय तिची विल्हेवाट लावून ठेवीदारांत वाटप करते. या कायद्याचा स्वतःचा प्रवासही खडतर होता. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २००५ मध्ये तो घटनाबाह्य ठरवला. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये तामिळनाडूचा तसाच कायदा उचलून धरला आणि पुढच्या वर्षी महाराष्ट्राचा कायदाही वैध ठरवला. जळगावच्या भाईचंद हिराचंद रायसोनी मल्टिस्टेट पतसंस्थेसारख्या प्रकरणांत ठेवीदारांच्या तोंडी हाच कायदा होता. फौजदारी कायद्याचा धाक मोठा. पण जप्त केलेल्या प्लॉटचा लिलाव होऊन पैसा हातात पडेपर्यंत अनेक ठेवीदार हयात नसतात.

संस्था अवसायनात गेली की आणखी एक भिंत उभी राहते. कलम १०७ नुसार निबंधकाच्या परवानगीशिवाय संस्थेविरुद्ध दावा चालत नाही. अवसायकाकडे वेळेत आपला दावा नोंदवणे हेच मग पहिले काम. ते सोडून कितीतरी लोक जुना खटला रेटत बसतात.

इथे एक गैरसमज मुद्दाम दूर करायला हवा. सहकारी बँक आणि सहकारी पतसंस्था यांच्या पाट्या सारख्या दिसतात, पण ठेव विमा फक्त बँकेला आहे. १९६० मध्ये लक्ष्मी बँक आणि पलाई सेंट्रल बँक बुडाल्या आणि १९६२ पासून ठेव विमा सुरू झाला, तेव्हा तो १,५०० रुपयांचा होता. फेब्रुवारी २०२० पासून तो ५ लाखांचा झाला. २०२१ च्या दुरुस्तीने बँकेवर निर्बंध आले तरी ९० दिवसांत विम्याची रक्कम मिळण्याची सोय झाली. पीएमसी बँकेच्या खातेदारांना सप्टेंबर २०१९ मध्ये सुरुवातीला फक्त १,००० रुपये काढता येत होते. पुण्याच्या रुपी बँकेवरचे निर्बंध २०१३ पासून २०२२ मध्ये परवाना जाईपर्यंत चालले. त्या हालांतून ही दुरुस्ती आली. पतसंस्थेच्या ठेवीदाराला यातले काहीही लागू नाही. त्याच्या पावतीमागे फक्त संस्था उभी असते.

न्यायालयाच्या आदेशाने पैसे मिळाल्याचे मोठे उदाहरण म्हणजे सहारा. सर्वोच्च न्यायालयाने २९ मार्च २०२३ रोजी सहारा-सेबी परतावा खात्यातले ५,००० कोटी रुपये केंद्रीय सहकारी संस्था निबंधकांकडे वळवण्याचा आदेश दिला. समूहाच्या चार मल्टिस्टेट सहकारी संस्थांच्या खऱ्या ठेवीदारांना ते वाटायचे होते, आणि वाटपावर निवृत्त न्यायमूर्ती आर. सुभाष रेड्डी यांची देखरेख ठेवली. सुरुवातीला एका ठेवीदाराला १०,००० रुपयांपर्यंतच परतावा होता, पुढे मर्यादा ५०,००० झाली. आपल्या गावागावांत सहाराच्या पावत्या आहेत, म्हणून लोक हे उदाहरण देतात. पण तिथे आधीच्या एका लढाईमुळे पैसा एका खात्यात जमा होऊन पडलेला होता. तुमच्या तालुक्यातल्या पतसंस्थेचा असा पैसा कुठे साठलेला नसतो.

संस्थांच्या कर्मचाऱ्यांसाठी पुस्तकात एक छोटे प्रकरण आहे, त्याबद्दल थोडक्यात. सहकारी संस्थेतल्या लिपिकाची किंवा शिपायाची ग्रॅच्युइटी देय झाल्यापासून ३० दिवसांत द्यायची असते, उशीर झाला तर व्याजासह. तिच्या वादासाठी कामगार कायद्याखालचे स्वतंत्र प्राधिकारी आहेत, सहकार न्यायालय नव्हे. आणि दारोदार फिरून पिग्मी गोळा करणारेही कामगार आहेत, हे सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये सिंडिकेट बँकेच्या प्रकरणात मान्य केले आहे.

आता ज्यासाठी हे पुस्तक लिहिले तो मुद्दा. एकाच कायद्यात, एकाच निबंधकाच्या कार्यालयात, संस्थेसाठी आणि सभासदासाठी दोन वेगळे रस्ते आहेत. सभासदाने कर्ज थकवले तर संस्था कलम १०१ खाली अर्ज करते. निबंधक थोडक्यात चौकशी करून वसुली दाखला देतो, आणि तो जमीन महसुलाच्या थकबाकीसारखा वसूल होतो. त्या दाखल्याविरुद्ध पुनरीक्षण मागायचे तर सभासदाला कलम १५४ नुसार आधी ५० टक्के रक्कम भरावी लागते. हेच उलटे घ्या. संस्थेने सभासदाची मुदत संपलेली ठेव थकवली तर त्याने कलम ९१ चा दावा लावायचा, कैफियत यायची, मुद्दे काढायचे, साक्षी व्हायच्या, निवाडा, मग अपील, मग उच्च न्यायालय. संस्थेला पुढच्या पायरीवर जाण्यासाठी आधी निम्मी ठेव भरावी लागत नाही. कर्जरोखा आणि ठेव पावती ही दोन्ही कर्जाचीच कागदपत्रे आहेत. एकाला दाखला आणि दुसऱ्याला तारीख, हा भेद मला कोणत्याही तत्त्वाने समर्थनीय वाटत नाही. मुदत संपलेली, वादग्रस्त नसलेली ठेव परत मिळण्यासाठी सभासदालाही निबंधकाकडून असाच दाखला मिळावा, आणि त्याविरुद्ध जाणाऱ्या संस्थेने निम्मी रक्कम आधी भरावी, अशी दुरुस्ती विधिमंडळाने करावी, अशी माझी मागणी आहे. सुस्थितीतल्या संस्थेला तिचा त्रास होणार नाही. ज्या संस्था ठेव दाबून धरून वेळ काढतात, त्यांनाच होईल.

आईचे पैसे शेवटी मिळाले. मी सनद घेतल्यावर पहिले जे पत्र लिहिले ते त्या संस्थेला. चारही रकमा वेगळ्या लिहिल्या, प्रत्येक रक्कम कोणत्या कारणाने आणि कोणत्या उपविधीखाली अडवली आहे हे लेखी कळवा, एवढेच विचारले, आणि आवक क्रमांक घेतला. सहा आठवड्यांनी मुदत ठेवीचा चेक आला, नंतर वर्गणीचा. मृत्यू साहाय्यासाठी मात्र दावा लावावा लागला, कारण मधल्या काळात सभेने नियम बदलले होते आणि नवे नियम अण्णांना लावले जात होते. निवाडा आमच्या बाजूने झाला: मृत्यूच्या दिवशी जो नियम होता तोच लागू. तीन वर्षांपैकी पहिली दोन आम्ही फक्त तोंडी विचारण्यात घालवली होती.

म्हणून वाचकांना विनंती. तुमची किंवा तुमच्या घरातल्या कोणाची रक्कम अडली असेल तर हे पुस्तक वाचून संपवण्याआधी एक लेखी मागणी द्या आणि पोच घ्या. कलम ३२ ने सभासदाला उपविधी, लेखापरीक्षित ताळेबंद आणि आपल्या स्वतःच्या व्यवहाराच्या नोंदी संस्थेच्या कार्यालयात विनामूल्य पाहण्याचा हक्क दिला आहे, त्या पाहा. मागणीनुसार परत द्यायच्या ठेवीसाठी मुदत कायद्याची तीन वर्षे मागणी केल्याच्या दिवसापासून मोजली जातात, तेव्हा त्या पत्रावर तारीख घालायला विसरू नका.